सोवळ्यातलं जॅझ

जतन हा शब्द कुणी उच्चारला की मी आधी विचारतो, जतन करणारा कोण? मग विचारतो, ज्याचं जतन चाललंय त्याला कुणी विचारलं होतं काय? एवढ्या दोन प्रश्नांवर भले भले संस्कृतिरक्षक चिडतात. चिडू देत.

मला एका बँडबद्दल लिहायचंय. प्रिझर्वेशन हॉल जॅझ बँड. अमेरिकेतल्या न्यू ऑर्लिन्स शहरातला. नावातच जतन आहे. सेंट पीटर स्ट्रीट, घर नंबर 726. जुनाट वास्तू, भिंतींचा रंग उडालेला, चार बाकडी, बाकीच्यांनी उभं राहायचं नाहीतर जमिनीवर बसायचं. दारू मिळत नाही. 1961 सालापासून, वादळाचे आणि कोरोनाचे दिवस सोडले तर, तिथं रात्रीमागून रात्र जॅझचं सगळ्यात जुनं वळण वाजत आलंय. ट्रम्पेट, क्लॅरिनेट, ट्रॉम्बोन, बँजो, पियानो, ढोल, ट्युबा. एकजण धून धरतो, बाकीचे तिच्याभोवती आपापलं बोलतात, आणि तरी भांडण होत नाही.

आपल्या अभ्यासवर्गात मी एकदा यांची रेकॉर्ड लावली. एक साथी उसळून म्हणाला, "हे गोऱ्यांपुढं दात काढणाऱ्यांचं वाजवणं. पँथरचं बोल, माल्कम एक्सचं बोल. हे म्हातारे कशाला?" पाहुणे म्हणून आलेले एक रसिक गृहस्थ होते. ते डोळे मिटून म्हणाले, "वा! किती शुद्ध! नंतरची कसलीच भेसळ नाही."

साथीचा मला राग आला नाही. त्याच्या रागाला कारण आहे, त्याच्याकडं नंतर येतो. मस्तक फिरलं ते त्या 'शुद्ध'नं. दोस्तहो, शुद्ध हा शब्द आपल्या कानाला कसा लागतो ते मी तुम्हाला सांगायला नको. आपल्या सावलीनं जे बाटत होतं ते शुद्ध. आणि इथं तर ज्या माणसांना अशुद्ध ठरवून डब्याबाहेर काढलं, त्यांच्याच फुंकणीतून निघालेल्या सुराला शुद्धतेचं सर्टिफिकेट! देणारा कोण? तिकीट काढून बसलेला.

अशुद्ध ठरवलं म्हणजे कसं, ते त्याच गावातलं ऐका. 1892 साली न्यू ऑर्लिन्सात होमर प्लेसी नावाचा माणूस गोऱ्यांच्या रेल्वेडब्यात मुद्दाम जाऊन बसला. धंदा बूट शिवण्याचा. आठ पणजोबा-पणज्यांत एकजण काळा, बाकी सात गोरे. दिसायला गोराच. तरी कायद्यानं काळा. अटक झाली, खटला वॉशिंग्टनच्या सुप्रीम कोर्टापर्यंत गेला आणि 1896 साली सात विरुद्ध एक मतांनी कोर्टानं सांगितलं की वेगळं बसवलं म्हणून कुणी कमी होत नाही. या एका निकालावर पुढं जवळपास साठ वर्षं अमेरिकेत वेगळे डबे, वेगळ्या शाळा, वेगळे नळ चालले. 2022 साली लुइझियानाच्या गव्हर्नरनं प्लेसीला मरणोत्तर माफी दिली. माफी! गुन्हा कुणाचा आणि माफी कुणाला!

त्याच वर्षांत, त्याच गल्ल्यांत जॅझ तयार होत होतं. ते काही कुणा एकाच्या डोक्यातून उतरलेलं नाही. 1817 साली नगरपालिकेनं हुकूम काढला होता की गुलामांनी जमायचं ते रविवारीच आणि नेमून दिलेल्या एकाच मैदानात. त्या मैदानाला पुढं काँगो स्क्वेअर म्हणू लागले. तिथले ढोल, चर्चमधलं गाणं, शेतातली हाक, फ्रेंच नाच, क्युबाची लय, लष्करी बँडची शिट्टी, वेश्यावस्तीतला पियानो, सगळं एकमेकांत गेलं. नखशिखांत भेसळ. जॅझ जन्मालाच आलं ते बाटलेलं, आणि म्हणून जिवंत.

पण वाजवणाऱ्याचं पोट कशावर चाले? ही गोष्ट आपल्या कार्यकर्त्यांनी नीट वाचावी, कारण संगीताच्या पुस्तकांत ती चार ओळींत उरकतात. गुलामगिरी संपली, पण गोऱ्यांच्या विमा कंपन्या काळ्यांना दारात उभं करत नसत, नाहीतर अव्वाच्या सव्वा हप्ता लावत. दवाखाना नाही, मयतीला पैसा नाही. मग काळ्यांनी आपापल्या वस्तीत मंडळं काढली. दर महिन्याला वर्गणी. आजारी पडला तर मंडळ डॉक्टर देणार, मेला तर मंडळ पुरणार, आणि पुरणार ते बँड लावून. स्मशानापर्यंत संथ, जड, पाय ओढत जाणारी धून. माती दिली की परत येताना तीच माणसं नाचाची धून उचलतात आणि मागून अख्खी वस्ती छत्र्या, रुमाल उडवत नाचत येते. त्या मागच्या लोकांना 'सेकंड लाइन' म्हणतात. जिवंतपणी ज्याला कुणी रस्ता दिला नाही, त्याच्यासाठी रस्ता अडवायचा. मंडळाचं पुस्तक, वर्गणीची पावती, मयतीचा खर्च. जॅझ या हिशेबाच्या वहीवर उभं आहे.

या वाजवणाऱ्यांतला पहिला मोठा म्हणून ज्याचं नाव घेतात तो बडी बोल्डन. कॉर्नेट वाजवायचा. 1907 साली त्याला वेड्यांच्या इस्पितळात टाकलं, चोवीस वर्षं तिथंच राहिला आणि 1931 साली मेला. त्याचा एकही सूर रेकॉर्डवर नाही. गरिबांच्या दफनभूमीत पुरला, नेमका कुठं ते कुणाला सांगता येत नाही. बाजारात जॅझची पहिली रेकॉर्ड आली ती 1917 साली, आणि वाजवणारे पाचही जण गोरे! ओरिजिनल डिक्सीलँड जॅस बँड. 'ओरिजिनल' म्हणे. त्यांचा कॉर्नेटवाला निक लारोका पुढं आयुष्यभर सांगत फिरला की जॅझ आम्ही गोऱ्यांनीच शोधलं. चोर ते चोर वर मालकीहक्काचा उतारा. आणि 'डिक्सी' म्हणजे काय? गुलामगिरीवाल्या दक्षिणेचं लाडाचं नाव. कित्येक काळ्या वादकांना तो शब्द आवडत नाही तो उगाच नव्हे.

आता जतनाची पहिली गोष्ट. तीस-चाळीसच्या दशकांत जॅझ बदललं, मोठे बँड आले, मग बीबॉप आलं. गोऱ्या रसिकांतल्या एका टोळीला हळहळ वाटू लागली की आपलं खरं, जुनं जॅझ गेलं. ते खेड्यापाड्यांत म्हातारे शोधायला निघाले. न्यू इबेरियात त्यांना बंक जॉन्सन सापडला. एकेकाळचा ट्रम्पेटवाला. 1931 साली बँड वाजत असतानाच तिथं मारामारी झाली, बँडचा म्होरक्या भोसकला गेला आणि त्यानंतर बंकचं वाद्यही गेलं, पुढचे दातही गेले. दाताशिवाय ट्रम्पेट वाजत नाही. बंक शेतावर मजुरी करत होता. रसिकांनी त्याला दात बसवले, ट्रम्पेट दिली आणि 1942 साली रेकॉर्ड केली. गाजली. बंक न्यूयॉर्कला गेला.

आणि तिथं फजिती झाली! रसिकांची. त्यांना हवा होता 1905 सालातला बंक, बोल्डनच्या वेळचा, अंगाला मळ लागलेला अस्सल. बंकला वाजवायची होती चालू काळातली लोकप्रिय गाणी. त्याला कागदावरचं स्वरलेखन वाचणारे वादक पाहिजे होते. तो म्हणे, मी शिकलेला वादक आहे. ज्या बँडवर रसिक लट्टू, त्या बँडबद्दल बंकच कुरकुरायचा. अखेर 1947 साली त्यानं स्वतः निवडलेल्या वादकांबरोबर, स्वतः निवडलेल्या चालींची रेकॉर्ड केली. ती बाहेर आली तेव्हा तो नव्हता. 1949 साली मेला. दात तुम्ही दिलेत, म्हणून त्यानं काय चावायचं तेही तुम्हीच ठरवणार काय?

तेव्हा या जुन्याच्या भक्तांना नव्या जॅझवाल्यांनी 'बुरशी लागलेली अंजिरं' अशी शिवी दिली होती. झकास शिवी. पण तीही पुरती खरी नाही. कारण बुरशी रसिकाला लागली होती, वाजवणाऱ्याला नव्हे.

त्याच बंकच्या बँडमधला क्लॅरिनेटवाला जॉर्ज लुइस. पोटासाठी गोदीत हमाली. 1944 साली गोदीत अपघात होऊन छातीला मार बसला. दुखण्यातून उठत असताना रेकॉर्डवाला घरी आला आणि निजायच्या खोलीत बसून लुइसनं 'बरगंडी स्ट्रीट ब्लूज' वाजवलं. ते ऐका आणि मग मला सांगा की ही गोऱ्यांपुढं दात काढणाऱ्याची कला आहे. ज्या छातीवर मालाचं ओझं पडलं तीच छाती फुंकतेय. हा लुइस पुढं प्रिझर्वेशन हॉलच्या सुरुवातीच्या वादकांत होता.

तर हॉलकडं येऊ. पन्नासच्या दशकात लॅरी बोरेन्स्टीन नावाच्या चित्रांच्या व्यापाऱ्याचं तिथं दुकान होतं. तो म्हाताऱ्या वादकांना संध्याकाळी दुकानातच वाजवायला बोलवायचा. 1961 साली ॲलन आणि सँड्रा जॅफी हे तरुण ज्यू जोडपं हनिमूनच्या प्रवासात तिथं पोचलं आणि अडकलं ते कायमचं. ॲलन ट्युबा वाजवायचा. सुरुवातीला तिकीट नव्हतं, टोपली फिरायची.

मालक गोरे. बरोबर. मी ते लपवत नाही. पण हिशेब पुरा मांडायचा तर दुसरी बाजूही मांडली पाहिजे. 1956 साली लुइझियानात कायदा झाला होता की काळे आणि गोरे यांनी एकत्र वाजवायचं नाही, एकत्र खेळायचं नाही. लुई आर्मस्ट्राँग, याच गावचा पोर, जगभर नाव झालेला, त्यानं या कायद्यानंतर आपल्या गावात वाजवणंच बंद केलं. 1965 सालापर्यंत तो तिथं वाजवायला आला नाही. अशा गावात जॅफींच्या हॉलमध्ये काळे-गोरे शेजारी बसून ऐकत होते, कधी एकत्र वाजवत होते. पोलीस यायचे. सँड्रा जॅफीला एकदा धरून कोर्टात नेलं, तर जज्ज म्हणाला की कॉफीत साय मिसळलेली इथं आम्हाला चालत नाही. तिला हसू फुटलं. कारण त्या गावात दूधकॉफीशिवाय कुणाचा दिवस उजाडत नाही! ही गोष्ट ती स्वतः सांगायची. 2021 साली वारली.

आणि वाजवणाऱ्यांना काय मिळालं? काम. मला विचाराल तर हॉलची मोठी कमाई ही आहे, 'परंपरा' वगैरे नंतर. स्वीट एमा बॅरेट पायाला घुंगुर बांधून पियानो वाजवायची. नार्विन किमबॉल बँजोवाला, दिवसा टपाल वाटायचा. पर्सी हम्फ्री ट्रम्पेटवाला, विमा विकायचा. डी डी पीअर्स आंधळा झालेला, बायको बिली पियानोवर. उतारवयाकडं झुकलेली ही माणसं. गाव त्यांना विसरलं होतं. त्यांना हॉलमध्ये आठवड्याच्या ठरलेल्या रात्री मिळाल्या, दौरे मिळाले, म्हातारपणी हातात पैसा आला. त्यांना कुणी पुतळा करून बसवलं नाही, मजुरी दिली.

हॉलच्या भिंतीवर फर्माइशीच्या दरांची पाटी असायची, ती मला फार आवडते. पारंपरिक चाल, एक डॉलर. इतर, दोन डॉलर. 'सेंट्स', पाच डॉलर. सेंट्स म्हणजे संतांची पलटण निघाली, असं ते भजन, जे प्रत्येक पर्यटक मागतो. मागणारे थकत नाहीत, वाजवणारे थकतात. मग लावा किंमत! पुढं दर आणखी वाढला. रसिकाच्या भक्तीवर मजुरानं बसवलेला जादा आकार आहे तो. माझ्या त्या डोळे मिटणाऱ्या पाहुण्यांना ही पाटी दाखवली पाहिजे.

पण मित्रांनो, सूर जतन होत असताना गावाचं काय चाललं होतं? 1964 साली आर्मस्ट्राँगचं जन्मघर पाडलं. कशासाठी? पोलीस आणि कोर्टाच्या इमारतींसाठी. त्याच्या नावानं पुढं जे उद्यान झालं त्या जागेवर आधी ट्रेमे या काळ्या वस्तीतली घरंच्या घरं होती. साठच्या दशकात नदीकाठानं, फ्रेंच क्वार्टरच्या कडेनं एक उंच हमरस्ता जाणार होता. जुन्या वास्तूंचे जतनवाले पेटून उठले, लढले आणि 1969 साली तो रद्द करून घेतला. चांगलं झालं. पण तोवर दुसरा उंच रस्ता क्लेबोर्न ॲव्हेन्यूवर उभा राहिला होता. क्लेबोर्न म्हणजे काळ्यांची बाजारपेठ, ओकच्या झाडांच्या रांगा, सणाच्या मिरवणुकांची जागा. झाडं तोडली, दुकानं बसली, वर सिमेंट आलं. गोऱ्यांची जुनी गॅलरी हा वारसा. काळ्यांचा रस्ता ही मोकळी जागा. मिरवणूक आजही त्या पुलाखालून जाते, आणि पुलाखाली ट्रॉम्बोन घुमतो म्हणून पोरं तिथं मुद्दाम थांबून वाजवतात.

2005 साली कत्रिना वादळ आलं, बांध फुटले, गाव बुडालं. मदत वेळेवर आली नाही हे जगानं टीव्हीवर पाहिलं. त्याच केंद्र सरकारनं 2006 साली प्रिझर्वेशन हॉलच्या बँडला राष्ट्रीय कलापदक दिलं. 2007 च्या डिसेंबरात नगरपालिकेनं सुमारे साडेचार हजार सरकारी भाड्याची घरं पाडायला मंजुरी दिली. वादळानंतर मिरवणुकीच्या परवान्याची फी इतकी वाढवली की मंडळांना कोर्टात जाऊन ती खाली आणावी लागली. आणि 2007 च्याच ऑक्टोबरात ट्रेमेत एका मेलेल्या ट्युबावाल्याच्या आठवणीत वस्तीतली माणसं वाजवत निघाली, तर पोलिसांच्या गाड्यांचा ताफा आला आणि दोन वादकांना बिनपरवाना मिरवणुकीसाठी धरून नेलं. हॉलमध्ये बसून वाजवलं तर वारसा, रस्त्यावर वाजवलं तर गुन्हा. वाद्य तेच, धून तीच.

आता माझ्या साथीला उत्तर. गड्या, आपल्या बापजाद्यांनी गावकीची हलगी खाली ठेवली, ते बरोबरच केलं. ती दुसऱ्याच्या हुकमावर, शिळ्या तुकड्यावर वाजत होती. पण न्यू ऑर्लिन्सचा तो बँड आपल्या मयताला, आपल्या वर्गणीवर वाजत होता. कुणासाठी आणि कुणाच्या पैशावर वाजतंय हे बघितल्याशिवाय वाद्याला गुलाम म्हणू नकोस. कर्डकांनी तमाशाचाच बाज घेऊन आंबेडकरी जलसा उभा केला, तेव्हा ढोलकी कुणाची झाली? तू पँथरचं नाव घेतोस. मग लेरॉय जोन्स वाच. 'ब्लूज पीपल', 1963 सालचं. काळ्या माणसाची स्थिती बदलली की त्याचं संगीत बदलतं, हेच तो पानोपानी दाखवतो. आणि दात काढणारा म्हणून ज्या आर्मस्ट्राँगला त्याच्याच लोकांनी हिणवलं, त्यानं 1957 साली लिटल रॉकमध्ये काळ्या पोरांना शाळेच्या दारात अडवलं तेव्हा सरकारच्या वतीनं रशियाला जायचं नाकारलं आणि राष्ट्राध्यक्षाला जाहीर शिव्या घातल्या.

शिवाय हे वाजवणं तुला वाटतं तितकं लांबचं नाही. 1935 साली लिऑन ॲबी काळ्या वादकांचा बँड घेऊन मुंबईच्या ताजमहाल हॉटेलात आला. मागून आणखी आले. त्यांचं ऐकून गोव्याची ख्रिस्ती पोरं जॅझ शिकली, सिनेमाच्या वाद्यवृंदांत गेली. 1951 सालच्या 'अलबेला'त सी. रामचंद्रांच्या संगीतात चिक चॉकलेटची ट्रम्पेट आहे आणि समोर नाचतोय गिरणी कामगाराचा पोरगा भगवानदादा. गणपतीत आपली वस्ती ज्यावर पाय टाकते त्यात न्यू ऑर्लिन्सचा एक धागा आहे. बाटलेलाच, अर्थात.

हॉललाही हे हळूहळू कळलं असावं. ॲलन 1987 साली गेला, पोरगा बेन पुढं बँडमध्ये आला. 2013 साली बँडनं सगळ्या स्वतः रचलेल्या चालींची रेकॉर्ड काढली, 'दॅट्स इट!' जतनघराला पन्नास वर्षांनी नवं गाणं सुचलं! 2015 साली ते क्युबात जाऊन तिथल्या वादकांबरोबर वाजवून आले. चार्ली गॅब्रिएल, 1932 चा जन्म, घरात पिढ्यान्‌पिढ्या वादक, त्यानं आपल्या एकट्याच्या नावाची पहिली रेकॉर्ड काढली ती नव्वदीच्या उंबरठ्यावर, 2022 साली. नाव '89'.

आणि डॅनी बार्कर. बँजो-गिटारवाला, न्यूयॉर्कात आयुष्य काढून 1965 साली गावी परतला. बघतो तर रस्त्यावरचे बँड म्हातारे झालेले, पोरं कुणीच नाहीत. 1970 च्या सुमारास त्यानं फेअरव्ह्यू बाप्टिस्ट चर्चच्या आसऱ्यानं वस्तीतल्या पोरांचा बँड काढला. हॉल नाही, तिकीट नाही, रस्ता. त्या पोरांतून आणि त्यांच्या पाठोपाठ डर्टी डझन, रिबर्थ असे बँड निघाले. त्यांनी जुन्या धुनेत फंक घातलं, पुढं रॅप घातलं, चाल दुप्पट केली. शुद्धतावाल्यांनी कानात बोटं घातली.

पण बार्करही बिथरला होता बरं का! मयतीत पोरं संथ धून गाळतात, गणवेश घालत नाहीत, दारू पिऊन धांगडधिंगा करतात, मेलेल्याचा मान राखत नाहीत, म्हणून त्यानं सांगून ठेवलं की माझ्या मयतीला बँड नको. 1994 सालच्या मार्चमध्ये तो गेला. वादक घरी आले. घरच्यांशी बोलले, शब्द दिला की नीट वाजवू. मग बँड निघाला. रीतीप्रमाणे, ओळीत, पाय ओढत, स्मशानापर्यंत संथ.